माकडं आपणहून येतात

१८ मे, शनिवार

पहिली सहल झाली. झाली म्हणजे उरकली.

स्टेशनवरून पाच पाहुणे घेतले. एक ऑस्ट्रेलियन नवरा-बायको आणि ओसाकाच्या तीन मैत्रिणी. आधी रिन्शोजीचं देऊळ, मग वरच्या जंगलात माकडं, मग फुसाए ताईच्या घरी जेवण. मनात आखताना किती सोपं वाटलं होतं! देवळात सगळं छान झालं. शुनकेइने मोठ्या ढोलावर एक टोला देऊन दाखवला, पाहुण्यांना मांडी घालून बसवलं. इतका गंभीर चेहरा केला होता त्याने, की हाच मुलगा लहानपणी आमच्या बागेतली सफरचंदं चोरायचा हे मलाच खरं वाटेना. आता देवळाचा पुजारी आहे, बापाच्या जागी.

पण माकडं आलीच नाहीत. देवदारांच्या मोकळ्या जागेत आम्ही ताटकळत उभे. एक रानकोंबडा पळाला, त्याची पाठ तेवढी दिसली. ओसाकाची एक बाई म्हणाली, "फोटोत तर माकडं होती." तीस वर्षं बसगाइड होते मी. पांढरे हातमोजे, हातात माइक, प्रत्येक वळणाची गोष्ट पाठ. कंपनीने माझ्या जागी रेकॉर्ड केलेला आवाज बसवला तेव्हासुद्धा मी एवढी खजील झाले नव्हते.

ताईच्या ओयाकींनी लाज राखली. चुलीच्या राखेत भाजलेले ते कणकेचे गोळे, आत वांगं आणि मिसो, म्हणजे आंबवलेल्या सोयाबीनची चटणी. ऑस्ट्रेलियन बाईने चार खाल्ले.

पाहुण्यांना सोडून परतताना गाडीत डोळ्यांत पाणी आलं. लपवलं, पण इसाकु-सानना दिसलं असणार. गाडी त्यांची, चालवतातही तेच. समोर बघत म्हणाले, "तामायो-सान, माकडं येतील. त्यांना जरा वेळ द्या."

त्यांनाच ठाऊक. गावाने त्यांना कित्येक वर्षं माकडं हाकलायच्या कामावर ठेवलं होतं. या खोऱ्यातल्या प्रत्येक माकडाने त्यांच्या फटाक्यांचा आवाज ऐकलाय.

१ जून, शनिवार

आली! आली! पंधरा-वीस तरी असतील. आम्ही गाडीतून उतरतो न उतरतो तोच उतारावरून खाली. पिल्लं, म्हातारी, लाल तोंडाचा एक दांडगा नर. एका मादीचा डावा कान फाटलेला आहे, ती अगदी माझ्यासमोर येऊन बसली. एवढ्या जवळून मीही कधी पाहिलं नव्हतं.

मी मागे वळून इसाकु-सानकडे बघितलं. हसले नाहीत. टोपी सारखी केली फक्त.

१५ जून

आता दर सहलीला येतात. मी पाहुण्यांना सांगते, "आम्ही त्यांना बोलवत नाही, खायला घालत नाही. माकडं आपणहून येतात. त्यांना वाटलं तर येतात, नाही तर नाही." हे वाक्य बोलताना माझा आवाज आपोआप जुन्या बसमधल्यासारखा होतो. आज एका जर्मन गृहस्थाने ते वहीत उतरवून घेतलं.

इसाकु-सान देवदारांच्या आधीच्या वळणावर नेहमी लांब हॉर्न देतात. त्या रस्त्याला समोरून कोण येणार, लाकडं नेणारा ट्रकसुद्धा महिन्यातून एकदा येतो. पण त्यांचा स्वभावच काळजीचा. सहलीच्या दिवशी सकाळी लवकर एकदा वर जाऊन रस्ता बघून येतात. दरड आली असेल तर, म्हणतात.

६ जुलै

ताई आज म्हणाली, "ओठांना रंग लावलायस. माकडांसाठी का गं?"

मी म्हटलं, "पाहुणे फोटो काढतात."

"पाहुणे माकडांचे काढतात. तुझे कोण काढतंय?"

हिला बोलायला काही लागत नाही. इसाकु-सान तेव्हा अंगणात ओयाकीच्या भाज्यांची उरलीसुरली सालं न्यायला आले होते, त्यांनी ऐकलं असेल तर? भोपळ्याची सालं, बटाट्याची सालं, बादली भरून नेतात. कोंबड्यांना घालतात म्हणे. दोन कोंबड्या आहेत त्यांच्याकडे. केवढं खातात!

गाडीत माझ्या जागेवर त्यांनी एक उशी आणून ठेवली आहे. माझा गुडघा दुखतो हे मी कधी बोलले होते कोण जाणे.

१० ऑगस्ट

फाटक्या कानाचीचं पिल्लू आता तिच्या पाठीवर बसायला शिकलंय. आज माझ्या बुटाची नाडी ओढली त्याने. पाहुणे आनंदाने ओरडले. मी शांत उभी राहिले. रानातला जीव आपल्यावर इतका भरवसा टाकतो, याहून मोठं काय मिळवायचं असतं माणसाने!

शुनकेइला हे सांगितलं तर म्हणाला, "मावशी, आमचे आजोबा म्हणायचे की माकडाने तुम्हाला बघून पळायला हवं. पळत नसेल तर काहीतरी चुकतंय."

तुझे आजोबा बागेवर फटाके उडवायचे, मी म्हटलं. त्यांना काय कौतुक!

१२ ऑक्टोबर

इसाकु-सानची पाठ धरली. पेट्या उतरवताना वाकले ते सरळच होता येईना. गावातल्या दवाखान्यात ठेवलंय. मी फळं घेऊन गेले.

म्हणाले, "मी येईपर्यंत सहली बंद ठेवा."

"बंद कशा ठेवू? शनिवारी तैवानचे सहा जण येतायत. गाडी मी चालवीन की."

छताकडे बघत म्हणाले, "मग निदान त्या वळणावर हॉर्न देऊ नका."

"का?"

"जुना झालाय. बिघडेल."

आजारपणातही गाडीच्या हॉर्नची काळजी. माणूस असा आहे.

१९ ऑक्टोबर, शनिवार

हॉर्न दिला नाही. तरी माकडं रस्त्यावरच होती. गाडी थांबली तशी टपावर चढली. दांडग्या नराने मागचं दार धरून खडखड हलवलं. एकाने तैवानच्या बाईच्या मांडीवरची पिशवी ओढली, तिची किंकाळी अजून कानात आहे. फाटक्या कानाची खिडकीला हात लावून आत बघत होती, काहीतरी शोधत असल्यासारखी.

मला वाटतं, त्यांना इसाकु-सानची आठवण येत असावी. रोजचा माणूस दिसला नाही की जनावरं अशी बिथरतात.

दवाखान्यात जाऊन त्यांना हे सांगितलं. त्यांनी डोळे मिटून घेतले. पाठ फार दुखत असेल.

२ नोव्हेंबर

वाईट झालं.

हात्सु आजी ओसरीत बसून पर्सिमॉनची फळं सोलत होत्या, वाळवायला. माकडांची टोळी थेट ओसरीत शिरली. आजींनी सूप उगारलं, तर दांडगा हाताला चावला आणि त्या पायरीवरून खाली पडल्या. खुब्याचं हाड मोडलंय. चौऱ्याऐंशी वर्षांच्या आहेत. मला नि ताईला लहानपणी त्याच ओसरीत वाळलेले पर्सिमॉन द्यायच्या.

गेल्या दोन आठवड्यांत टोळी गावात चार घरांत शिरली. पूर्वी बागेच्या कडेपर्यंत यायची, माणूस दिसला की पळायची. यंदा जंगलात फळं कमी धरली असावीत.

सहल रद्द केली. उद्या देवळात गावाची बैठक आहे.

३ नोव्हेंबर, रविवार

बैठकीत सगळे होते. इसाकु-सानसुद्धा, कमरेला पट्टा बांधून. नगरपालिकेचा एक तरुण अधिकारी आला होता.

हात्सु आजींचा मुलगा उठला. "कुणीतरी यांना खायला घालतंय. त्याशिवाय रानातलं माकड माणसाच्या मांडीपर्यंत येत नाही." मग माझ्याकडे बघून म्हणाला, "माकडांकडे रोज कोण जातं ते सगळ्यांना माहीत आहे."

मी उठले. म्हटलं, "मी मे महिन्यापासून त्या जंगलात जाते. आमच्या हातून एक दाणा त्यांच्या तोंडात गेलेला नाही. मी या देवळात उभी राहून सांगते. तुम्ही मला जन्मापासून ओळखता."

हात्सु आजींच्या मुलानेच मान खाली घातली. म्हणाला, "तामायो-सान खोटं बोलणार नाहीत."

अभिमान वाटला मला.

मग तो अधिकारी म्हणाला, "कुणी खायला घालत असतं तर ते बंद करून, महिनाभर हुसकावून भागलं असतं. आपणहूनच येत असतील तर त्यांची भीती मेली आहे. मग पिंजरे लावावे लागतील."

"पिंजऱ्यात सापडलेल्यांचं काय करता?" शुनकेइने विचारलं.

"मारावं लागतं," तो म्हणाला. वाईट वाटत होतं त्याला, दिसत होतं.

मी इसाकु-सानकडे पाहिलं. म्हटलं हे काहीतरी सुचवतील, यांना या माकडांचं सगळं माहीत आहे. ते चटईकडे बघत बसले होते. हात वर करायला सांगितलं तेव्हा त्यांनीही पिंजऱ्याच्या बाजूने हात वर केला.

६ नोव्हेंबर

पिंजरे लागले. एक हात्सु आजींच्या बागेत, एक ओढ्याकाठी. मी तिकडे जात नाही.

८ नोव्हेंबर

इसाकु-सानची गाडी अजून माझ्याकडेच आहे, ती धुवायला काढली. सहली बंदच आहेत, पण हात रिकामे ठेवून बसवेना. मागच्या सीटखालची सतरंजी उचलली तर खाली सोयाबीन. मूठ-दोन मुठी नव्हे, सतरंजीभर सांडलेलं, काही दाण्यांना मोड आलेले. स्टेपनीच्या खळग्यात ताईची निळी बादली. तळाला भोपळ्याच्या सालीचा काळा लगदा आणि माकडाचे केस.

किती तरी वेळ ती बादली हातात धरून उभी होते. मग तशीच ताईकडे गेले.

ताई कोबी चिरत होती. बादली बघून सुरी खाली ठेवली तिने. मी काही विचारायच्या आतच म्हणाली, "मी त्याला कितीदा सांगितलं, आता पुरे कर म्हणून."

"तुला माहीत होतं?"

"दुसऱ्या सहलीपासून."

"ताई, मी देवळात उभी राहिले. तू तिथे बसली होतीस. माझ्या मागेच."

"मग काय करायला हवं होतं? तुझी बाही ओढून खाली बसवायचं? सगळ्या गावासमोर?"

"हो! तेच करायचं होतं!"

ती रडायला लागली. रडताना म्हणाली, "कंपनीने काढल्यावर वर्षभर तू खोलीबाहेर येत नव्हतीस. तुला ओयाकी ताटात ठेवून दारापाशी देत होते मी. उन्हाळ्यात पहिल्यांदा हसताना दिसलीस. कोण सांगणार होतं तुला? तूच सांग, कोणाची जीभ उचलली असती?"

मी बादली तिच्या दारात ठेवली आणि निघाले. ती मागून हाक मारत होती. वळले नाही.

वर्षभर खोलीबाहेर येत नव्हते म्हणे. असं काही नव्हतं. थकवा होता.

९ नोव्हेंबर

इसाकुच्या घरी गेले. अंगणात बसला होता, कोंबड्यांसमोर. मला बघून उठायचा प्रयत्न केला. मी म्हटलं, बसा.

"पहिल्या सहलीनंतर तुम्ही रडलात," तो म्हणाला. "मला वाटलं, एक-दोनदाच करावं लागेल. जरा सवय झाली की थांबू."

"कोणाची सवय?"

त्याने कोंबड्यांपुढे मूठभर दाणे टाकले.

"मी पाहुण्यांना काय सांगत होते, ऐकू येत होतं ना तुम्हाला? दर खेपेला? गाडीला टेकून उभे असायचात तुम्ही."

"येत होतं."

"आणि देवळात?"

तो म्हणाला, "मी उठलो असतो तर तुम्ही खोट्या पडला असतात."

"मी खोटीच पडले होते! फक्त मला माहीत नव्हतं. तुम्ही बोलला असतात तर ती माकडं वाचली असती. पिंजऱ्यासाठी हात वर केलात तुम्ही. ज्यांना स्वतःच्या हाताने चारलं त्यांच्यासाठी."

"तामायो-सान, मी ते तुमच्यासाठी..."

"माझं नाव घेऊ नका."

माझ्यासाठी म्हणे. मी मागितलं होतं का? माकडं आली नसती तर नसती. चार पाहुणे नाराज झाले असते. मला काय झालं असतं? काही झालं नसतं. मी काही काचेची नाही.

घरी येऊन ती उशी चुलीत घातली. जळताना वास फार आला.

१० नोव्हेंबर

ओढ्याकाठच्या पिंजऱ्यात तीन सापडली. त्यात एक लहान होतं. शुनकेइने येऊन सांगितलं. शिकारीचा परवाना गावात दोघांकडेच आहे, एक हात्सु आजींचा मुलगा आणि दुसरा इसाकु. इसाकुने पाठीचं कारण सांगितलं नाही. गेला आणि ते काम करून आला.

शुनकेइने त्यांच्यासाठी देवळामागे मंत्र म्हटले. मला म्हणाला, "मावशी, तुमचा चेहरा असा का झालाय?"

मग मी त्याला सगळं सांगितलं. तो शेजारी बसून राहिला. मला वाटलं होतं की धीराचं काहीतरी बोलेल, पुजारी आहे. तो म्हणाला, "हे सगळ्यांसमोर बोलावं लागेल. उद्याच. अजून पिंजरे लागलेले आहेत."

"माझ्याने नाही होणार."

"मग मी बोलू?"

"नको," मी म्हटलं. "खोटं माझ्या तोंडून गेलंय."

११ नोव्हेंबर

बोलले.

आधी हात्सु आजींच्या मुलापुढे डोकं टेकलं. म्हटलं, तुमच्या आईला झालं ते आमच्या सहलीमुळे. माकडांना चारलं जात होतं. मला माहीत नव्हतं, पण सहल माझी होती आणि इथे उभं राहून शब्द दिला तोही मीच. इसाकुचं नाव घेतलं नाही. गरज नव्हती, सगळ्यांनी दाराकडे बघितलं. तो आला नव्हता. ताई आली होती, अगदी शेवटच्या रांगेत, भिंतीला चिकटून.

हात्सु आजींचा मुलगा म्हणाला, "त्या दिवशी मी तुमच्यावर विश्वास ठेवला." एवढंच. ओरडला असता तर बरं झालं असतं. शिव्या दिल्या असत्या तर आणखी बरं.

मागून कुणीतरी कुजबुजलं, "माहीत नव्हतं म्हणे. एका गाडीत बसत होती की!" मी ऐकलं. एका गाडीत बसतच होते.

अधिकाऱ्याला फोन लावला. ठरलं असं: पिंजरे बंद. बर्फ पडेपर्यंत रोज सकाळी टोळीला हुसकावत कड्यापलीकडे न्यायचं. माणसाला बघून पळायला लागली तर ठीक. त्यानंतरही गावात आली तर पुन्हा पिंजरे. जाणार कोण, असं शुनकेइने विचारल्यावर मी पहिला हात वर केला. काही जण हसले. मी साठीची, त्यात गुडघा असा. हसू देत.

१४ नोव्हेंबर

दमले. शुनकेइ ढोल घेऊन येतो, तरुण पोरं पत्रे बडवतात. टोळी थोडी वर जाते आणि बसते. आम्हाला बघून ती घाबरत नाही, वाट बघते. हे सगळ्यात वाईट.

ताईने दारात डबा ठेवला होता. उघडला नाही. परत नेऊन तिच्या दारात ठेवला.

१७ नोव्हेंबर

ताईचा डबा आजही होता. भूक फार लागली होती. खाल्ला. डबा धुऊन परत ठेवला, हाक मारली नाही. तिने आतून विचारलं, "मीठ बरोबर होतं का?" मी म्हटलं, "कमी होतं." बास, एवढंच बोललो.

२३ नोव्हेंबर, शनिवार

सकाळी कड्याच्या अलीकडे टोळी दोन भागांत फुटली. शुनकेइ आणि पोरं डावीकडून गेली. मी उजव्या पायवाटेवर एकटी. पलीकडच्या उतारावरून फटाके वाजायला लागले, दोन लागोपाठ, मग थोडं थांबून एक. ते कोण वाजवतंय ते मला न बघता कळलं. तशी खुबी दुसऱ्या कुणाच्या हातात नाही. त्या पाठीने एवढ्या वर कसा चढला कोण जाणे. मी तिकडे बघितलं नाही आणि बघणारही नाही. फटाक्यांमुळे मोठी माकडं वर पळाली, हे मात्र खरं आहे, म्हणून लिहिते.

फाटक्या कानाची राहिली. वाटेत खडकावर बसली होती. पाठीवर पिल्लू नव्हतं. आजूबाजूलाही नव्हतं.

मी ओरडले. पत्रा वाजवला. ती उठली आणि पळायच्या ऐवजी माझ्या दिशेने आली, चार पावलं. समोर बसली. माझ्या हातांकडे बघितलं, मग तोंडाकडे. ओळखीचं माणूस भेटल्यासारखं.

दगड उचलला. पहिला मुद्दाम बाजूला मारला. ती वळून त्या दगडाकडे गेली, खायचं आहे का बघायला. हुंगला आणि परत आली.

दुसरा खांद्यावर लागला. ती ओरडली नाही. थोडी मागे सरकली आणि पुन्हा बसली. मी रडत होते, तोंडाने तिला जा, जा म्हणत होते, आणि ते माझ्या त्याच पाहुण्यांशी बोलायच्या आवाजात निघत होतं, कारण मोठ्याने बोलायचा मला तेवढा एकच आवाज येतो. तिला तो आवाज चांगला माहीत होता.

मग मी बोलणं बंद केलं. मोठा दगड घेतला आणि नेम धरून मारला. तो बसला तेव्हा ती किंचाळली, दात दाखवले आणि पळाली. कडा चढून पलीकडे दिसेनाशी झाली.

मी तिथेच उभी राहिले, ती परत येते का ते बघत. आली नाही.